‘साइनफेल्ड’ : अलिखित नियमांची नऊ वर्षं

सिनेमाला जायच्या आधी पटकन दोन घास खाऊन घ्यावेत म्हणून तीन मित्र एका चिनी हॉटेलात शिरतात. दारापाशी नावं लिहून घेणारा माणूस म्हणतो, ‘पाच-दहा मिनिटं.’ तिघं उभे राहतात. मागून आलेली मंडळी आत जाऊन बसतात, यांचं नाव काही पुकारलं जात नाही. एलेनला भुकेनं उभं राहवत नाही. जॉर्जला चौथं माणूस म्हणून येणाऱ्या मैत्रिणीला फोन करायचाय, पण तिथल्या एकुलत्या एका सार्वजनिक फोनला एक गृहस्थ चिकटून बसलेत. जेरीनं बरं नसल्याचं सांगून काकांकडचं जेवण टाळलंय आणि नेमकी काकांच्या ऑफिसातली बाई याच हॉटेलात जेवतेय. दारावरच्या माणसाच्या हातात पैसे सरकवून पाहावेत का, यावर तिघांत खल होतो. पैसे सरकवले जातात, टेबल तरीही दुसऱ्यालाच. जेरी एलेनला पैज लावतो : अनोळखी माणसांच्या टेबलाशी जायचं, त्यांच्या ताटातला एग रोल उचलायचा, खायचा आणि काहीही खुलासा न करता परत यायचं, पन्नास डॉलर तुझे. एलेन जाते, पण तिचा हात काही पुढे होत नाही. ती दात न उघडता, हसऱ्या चेहऱ्यानं त्या लोकांनाच पैशांत भागी द्यायला लागते. त्यांना काही उमगत नाही. शेवटी कंटाळून तिघं निघून जातात. दार बंद होतं आणि त्याच क्षणी तो माणूस पुकारा करतो, ‘साइनफेल्ड, चार!’

२३ मे १९९१ रोजी अमेरिकेच्या एनबीसी वाहिनीवर दाखवलेला ‘द चायनीज रेस्टॉरंट’ हा भाग एवढाच आहे. जागा एक, वेळ सलग, कथानक नाही. वाहिनीच्या वरिष्ठांना संहिता वाचून वाटलं, मधली पानं गहाळ झाली असावीत. त्यांनी बदल सुचवले. मालिकेचा सहनिर्माता आणि मुख्य लेखक लॅरी डेव्हिड यानं ‘मग मी चाललो’ असं सांगितलं. दुसरा सहनिर्माता आणि मालिकेत स्वतःच्याच नावाची भूमिका करणारा जेरी साइनफेल्ड त्याच्या बाजूनं उभा राहिला आणि भाग जसाच्या तसा झाला. वाहिनीनं मात्र तो दुसऱ्या सत्राच्या शेवटाकडे ढकलला. आज टीव्ही विनोदाचा इतिहास लिहिणारा कोणीही या भागापाशी थांबल्याशिवाय पुढे जात नाही.

‘साइनफेल्ड’ला चिकटलेलं बिरूद सगळ्यांना माहीत आहे : ‘काहीच नाही’ या विषयावरची मालिका. ते आलं मालिकेच्याच पोटातून. १९९२ सालच्या ‘द पिच’ या भागात जेरी आणि जॉर्ज एनबीसीच्या अधिकाऱ्यांपुढे नव्या मालिकेची कल्पना मांडतात आणि जॉर्ज छातीठोकपणे सांगतो की आमच्या मालिकेत काहीही घडणार नाही. प्रत्यक्षात जेरी आणि लॅरी यांनी वाहिनीला सांगितलेली कल्पना अगदी वेगळी होती : स्टँड-अप करणाऱ्या विनोदवीराला त्याचा मसाला कुठून मिळतो, ते दाखवायचं. हे जेरीनं पुढे वेळोवेळी सांगितलं. पण विनोदात केलेली व्याख्या खऱ्या व्याख्येला गिळून बसली, आणि त्यामुळे मालिकेचं नुकसान झालं असं माझं मत आहे. ‘काहीच नाही’ म्हटलं की माणूस सैलावून बघतो. ही मालिका सैलावून बघण्याची नाही. ती एका नेमक्या विषयाला चिकटून नऊ वर्षं चालली. एकत्र राहणाऱ्या, एका रांगेत उभ्या राहणाऱ्या, एकमेकांकडे जेवायला जाणाऱ्या माणसांनी न लिहिता, न बोलता पाळायचे जे हजारो नियम असतात, तो तिचा विषय.

हे नियम समाजशास्त्रात आधीच अभ्यासले गेले होते. अर्व्हिंग गॉफमन यांनी १९५०-६०च्या दशकांत लिफ्टमध्ये, बसमध्ये, फुटपाथवर परकी माणसं एकमेकांशी कशी वागतात, यावर पुस्तकं लिहिली. समोरून येणाऱ्याकडे एक नजर टाकायची, म्हणजे त्याची दखल घेतली असं होतं. आणि लगेच नजर काढून घ्यायची, म्हणजे आपण त्याच्यावर पाळत ठेवत नाही हेही त्याला कळतं. इतकी बारीक देवघेव आपण दिवसातून शंभरदा करतो. हॅरल्ड गारफिंकेल यांनी कॅलिफोर्नियात आणखी पुढचं पाऊल टाकलं. त्यांनी विद्यार्थ्यांना सांगितलं, घरी जा आणि थोडा वेळ पाहुण्यासारखे वागा : आईवडिलांशी अदबीनं बोला, फ्रिज उघडायच्या आधी परवानगी मागा. घरची माणसं गोंधळली, चिडली, मुलाला बरं नाही का असं विचारू लागली. अलिखित नियम मोडल्याशिवाय दिसत नाही, हे गारफिंकेल यांनी दाखवून दिलं. त्यांचं पुस्तक १९६७चं. लॅरी डेव्हिडनं ते वाचलं होतं की नाही याला महत्त्व नाही. एलेन परक्यांच्या टेबलापाशी उभी राहते तेव्हा घडतो तो त्याच जातीचा प्रयोग असतो. कायद्यानं एग रोल उचलणं म्हणजे मोठा गुन्हा नव्हे. तरी तिचा हात पुढे होत नाही, आणि पन्नास डॉलरचं आमिषही तो पुढे करू शकत नाही.

या जातीच्या भागांत मला सगळ्यांत श्रेष्ठ वाटतो तो एप्रिल १९९२चा ‘द पार्किंग स्पेस’. रस्त्याच्या कडेला गाडी लावायची एक जागा रिकामी आहे. जॉर्ज पुढे जाऊन गाडी मागे घेत जागेत शिरतोय. त्याच वेळी मागून माइक नावाचा इसम नाक पुढे करून शिरतो. दोघांच्या गाड्या अर्ध्या आत, अर्ध्या रस्त्यावर. कोणीच हलायला तयार नाही. जागा आधी पाहिली कोणी? रिव्हर्स घेणाऱ्याचा हक्क मोठा की सरळ शिरणाऱ्याचा? येणारे-जाणारे थांबतात, बाजू घेतात, तज्ज्ञ होतात. अंधार पडतो. वर जेरीच्या घरी ज्या मुष्टियुद्धासाठी सगळे जमणार होते ते सुरू होतं. पोलीस येतात, आणि दोन पोलिसांचंही एकमत होत नाही. भाग संपतो तेव्हा गाड्या तशाच.

निकाल लागत नाही, हेच त्या भागाचं मोठेपण. लेखकाला पक्कं ठाऊक आहे की दोघांकडेही बिनतोड मुद्दा आहे. पुण्याच्या पेठेत किंवा दादरच्या गल्लीत ज्यानं गाडी लावली असेल त्याला हे प्रकरण समजावून सांगावं लागत नाही. तरीही यातला वाद आपल्यापेक्षा वेगळ्या वळणानं जातो. आपल्याकडे अशा वेळी ‘मी कोण आहे माहितेय का’ हे लवकर निघतं. जॉर्ज आणि माइक दोघंही स्वतःच्या पदाचा, ओळखीचा आधार घेत नाहीत. ते न्यायशास्त्र मांडत राहतात, जणू पार्किंगचं संविधान कुठेतरी लिहून ठेवलंय आणि फक्त कलम सापडायचं बाकी आहे.

जानेवारी १९९६चा ‘द राय’ हा कॅरल लाइफर हिनं लिहिलेला भाग असाच घराघरातला. जॉर्जचे आईवडील होणाऱ्या व्याह्यांकडे पहिल्यांदा जेवायला जातात. जाताना वडील, फ्रँक कोस्टान्झा, नावाजलेल्या बेकरीतून राय धान्याचा पाव घेतात. यजमान तो पानात वाढायला विसरतात. निघताना फ्रँक गुपचूप पाव उचलून परत घेऊन येतात. त्यांचं म्हणणं : वाढलाच नाही, तर तो आमचाच. पाव नाहीसा झाल्याचं व्याह्यांच्या ध्यानात येतं आणि इथून पुढे जॉर्ज तसाच दुसरा पाव गुपचूप त्या घरात परत ठेवण्यासाठी जे उपद्व्याप करतो, ते पाहताना पोट दुखतं. दुकानातला शेवटचा पाव एका म्हाताऱ्या बाईनं घेतलाय. जेरी तिला पन्नास डॉलर देऊ करतो, ती हटत नाही, तेव्हा तो भररस्त्यात तिच्या हातून पाव हिसकावून पळतो. मग वरच्या मजल्याच्या खिडकीतून जॉर्ज मासेमारीचा गळ सोडतो आणि खाली रस्त्यावर उभा असलेला जेरी त्याला पाव अडकवतो.

शेजारणीचा डबा रिकामा परत करायचा नाही, हे ज्या घरात मुलांना न सांगता कळतं, त्या घरातल्या माणसाला फ्रँकचं वागणं थेट काळजात लागतं. आणलेली वस्तू कोणाची? दिली त्या क्षणी ती यजमानांची झाली की वाढली गेल्यावर? मिठाईचा पुडा न फोडता कपाटात गेला तर आणणाऱ्यानं काय समजायचं? आपल्याकडे यावर सासरमाहेरची भांडणं वर्षानुवर्षं धुमसतात, पण ती कोणी उघड मांडत नाही. फ्रँक ती मांडतो, ओरडून मांडतो. जेरी स्टिलर या नटानं फ्रँकच्या आवाजात अख्ख्या हयातीचा अपमान भरला होता.

हे प्रसंग खोलीत बसून रचलेले नव्हते. मालिकेची सुरुवातच अशी झाली म्हणतात : जेरी आणि लॅरी एका कोरियन दुकानात शिरून तिथल्या वस्तूंवर काहीबाही बोलत होते आणि लॅरी म्हणाला, मालिका अशीच असायला हवी. लॅरी ब्रुकलिनचा, १९४७ साली जन्मलेला. स्टँड-अपमध्ये त्याचा जम बसला नव्हता. श्रोते आवडले नाहीत तर तो मंचावरून उतरून चालता व्हायचा. १९८४-८५ साली तो ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ या कार्यक्रमासाठी लिहीत होता. एकदा संतापून त्यानं निर्मात्याला वाटेल ते सुनावलं, नोकरी सोडली, घरी आला. मग पगाराचा हिशेब डोक्यात आला. सोमवारी तो जणू काही झालंच नाही अशा चेहऱ्यानं कामावर हजर झाला, आणि कोणी काही बोललं नाही. हाच प्रसंग पुढे ‘द रिव्हेंज’ भागात जॉर्जच्या वाट्याला आला. जॉर्जचं काम करणारा जेसन अलेक्झांडर सांगतो की सुरुवातीला तो ही भूमिका वुडी ॲलनच्या वळणावर करत होता. एकदा तो लॅरीला म्हणाला, असं कोणाच्या आयुष्यात घडणार नाही, आणि घडलं तरी कोणी असा वागणार नाही. लॅरी उत्तरला, हे माझ्या बाबतीत घडलंय आणि मी असाच वागलो. जेसनला त्या क्षणी कळलं की जॉर्ज कोण आहे.

मालिकेतला चौथा मित्र, जेरीचा शेजारी क्रेमर, म्हणजे लॅरीचा खराखुरा शेजारी, केनी क्रेमर. मॅनहॅटनच्या पश्चिम त्रेचाळिसाव्या रस्त्यावरच्या इमारतीत दोघांची दारं समोरासमोर. लेखक नेमतानाही लॅरी हेच पाहायचा. या मालिकेत एका टेबलाभोवती बसून सगळ्यांनी मिळून विनोद पाडायची पद्धत नव्हती. प्रत्येक लेखकानं स्वतःच्या आयुष्यात घडलेल्या गोष्टी लॅरीपुढे मांडायच्या, पसंत पडलेली स्वतः लिहायची, मग लॅरी आणि जेरी त्यावर हात फिरवायचे. वर्षभरात लेखकाजवळचे प्रसंग संपायचे आणि पुष्कळदा लेखकही बदलायचा. डॅन ओकीफ या लेखकाच्या वडिलांनी घरच्यापुरता एक सण काढला होता, फेस्टिव्हस. त्यात कुटुंबातल्या माणसांनी एकमेकांबद्दलच्या वर्षभराच्या तक्रारी बोलून दाखवायच्या. डॅनला याची लाज वाटायची. सहकाऱ्यांना ती गोष्ट कळली आणि डिसेंबर १९९७ मध्ये फ्रँक कोस्टान्झाचा सण म्हणून ती अवघ्या अमेरिकेनं पाहिली. आता तिथे काही लोक २३ डिसेंबरला खरोखरच फेस्टिव्हस साजरा करतात.

पण खरा मसाला असणं पुरेसं नाही. खरे प्रसंग घेऊन गोड गोड मालिका शेकड्यांनी निघाल्यात. इथे दुसरं पथ्य आलं, आणि ते मला या मालिकेचं सर्वांत धाडसी काम वाटतं. लॅरीनं नियम घातला होता : मिठ्या मारायच्या नाहीत, कोणी काही शिकायचं नाही. १९८०च्या दशकातली अमेरिकन विनोदी मालिका शेवटच्या तीन मिनिटांत हळवी व्हायची. संगीत मंद व्हायचं, बाप लेकीला जवळ घ्यायचा, चूक कबूल व्हायची. या चौघांनी नऊ वर्षांत चूक कबूल केली ती पकडले गेल्यावरच. मे १९९६ मध्ये जॉर्जची नियोजित वधू सुझन मरते. जॉर्जनं पैसे वाचवायला निवडलेल्या स्वस्त लग्नपत्रिकांच्या पाकिटांचा डिंक चाटून चाटून तिला विषबाधा होते. डॉक्टर बातमी सांगतात. जॉर्ज गप्प राहतो, मग म्हणतो, चला, कॉफी प्यायला जाऊ. त्या वेळी अनेक प्रेक्षकांना हे सहन झालं नाही. मलाही तो भाग पाहताना दरवेळी अस्वस्थ वाटतं. तरी त्या जागी जॉर्ज रडला असता तर ते खोटं ठरलं असतं. त्याला लग्न नको होतं, हे आपण सत्रभर पाहिलंय.

सुधारणेचा शेवट नाकारला की लेखकाला दुसरा शेवट शोधावा लागतो. इथे तो मिळाला बांधणीत. चौघांच्या चार गोष्टी वेगवेगळ्या धावतात आणि शेवटच्या मिनिटात एकमेकींवर आदळतात. फेब्रुवारी १९९४चा ‘द मरीन बायॉलॉजिस्ट’ घ्या. कॉलेजातल्या एका मुलीपुढे जॉर्ज सागरी जीवशास्त्रज्ञ असल्याची थाप जेरीनं मारून ठेवलीय. क्रेमर समुद्रकिनारी सहाशे गोल्फचे चेंडू पाण्यात मारायला गेलाय. दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी संबंध नाही. जॉर्ज त्या मुलीबरोबर किनाऱ्यावर फिरत असताना एक देवमासा गुदमरताना दिसतो आणि कोणीतरी ओरडतं, इथे सागरी जीवशास्त्रज्ञ आहे का? पुढचं आपण पाहत नाही. कॅफेत बसलेला जॉर्ज ते सांगतो, जुन्या कथेकऱ्याच्या थाटात, लाटांसकट. देवमाशाच्या श्वासाच्या छिद्रात काय अडकलं होतं ते सांगता सांगता तो खिशात हात घालतो आणि गोल्फचा चेंडू काढतो. हे स्वगत आधीच्या संहितेत नव्हतं. जेरी आणि लॅरी यांनी ते चित्रीकरणाच्या आदल्या रात्री लिहिलं. जेसननं ते ऐनवेळी पाठ केलं. समोरच्या प्रेक्षकांचा हशा इतका वेळ थांबत नाही की तिन्ही नटांना चेहरे सांभाळत नुसतं बसून राहावं लागतं.

ऑक्टोबर १९९१च्या ‘द पार्किंग गॅराज’मध्ये चौघं न्यू जर्सीतल्या मॉलच्या पार्किंगमध्ये आपली गाडी शोधत फिरतात. क्रेमरचं काम करणाऱ्या मायकेल रिचर्ड्सनं हट्टानं खोक्यात खरा एसी ठेवायला लावला. क्रेमर ते ओझं उचलून चालतो तेव्हा वजन त्याच्या गुडघ्यांत दिसतं. पार्किंग अफाट वाटावं म्हणून सेटवर आरसे लावले होते. संहितेप्रमाणे शेवटी गाडी सापडते आणि ते निघून जातात. चित्रीकरणात किल्ली फिरवली तर गाडी खरोखरच सुरू झाली नाही. नटांना हसू आवरेना, मागच्या सीटवरची डोकी हलताना दिसतात. तोच शेवट ठेवला.

आता उणी बाजू. ही न्यूयॉर्कची मालिका, पण तिचं चित्रीकरण झालं लॉस एंजेलिसमध्ये. मॅनहॅटनमधल्या ब्रॉडवे आणि ११२व्या रस्त्याच्या कोपऱ्यावरच्या ‘टॉम्स रेस्टॉरंट’ची फक्त बाहेरची बाजू दाखवायचे, तीही पाटीवरचं ‘टॉम्स’ वगळून. शहराचंही तसंच झालं. त्या न्यूयॉर्कमध्ये काळी, लॅटिनो, आशियाई माणसं बहुतेक वेळा गल्ल्यावर, दारावर किंवा गाडीच्या चाकामागे. मे १९९८च्या ‘द पोर्तो रिकन डे’मध्ये क्रेमरच्या हातून पोर्तो रिकोचा झेंडा जळतो. निदर्शनं झाली, एनबीसीनं माफी मागितली आणि तो भाग काही काळ पुन्हा दाखवला गेला नाही. नोव्हेंबर १९९७चा ‘द बिट्रेयल’ भारतातल्या लग्नात घडतो. हॅरल्ड पिंटरच्या नाटकाच्या धर्तीवर तो शेवटाकडून सुरुवातीकडे उलटा सांगितलाय आणि नवऱ्या मुलाचं नावच पिंटर. बांधणी थक्क करते. भारत मात्र पडद्यावर रंगवलेला पडदाच राहतो.

बाबू भट्टची गोष्ट याला सन्मान्य अपवाद आहे. तो पाकिस्तानी. जेरीच्या घरासमोर त्यानं ‘ड्रीम कॅफे’ काढलाय. मेन्यूत टाको, मुसाका, सॉसेज, जे मागाल ते. गिऱ्हाईक नाही. जेरीला त्याची दया येते आणि तो सल्ला देतो : तू पाकिस्तानी आहेस ना, मग फक्त पाकिस्तानी जेवण दे. बाबू विश्वास ठेवतो, पैसे ओततो, दुकान नव्यानं सजवतो आणि बुडतो. वर्षा-दीड वर्षानं, ‘द व्हिसा’मध्ये, जेरी त्याला आपल्याच इमारतीत राहायला जागा मिळवून देतो. व्हिसाच्या नूतनीकरणाचा फॉर्म चुकून जेरीच्या टपालपेटीत पडतो, जेरी गावाला गेलेला, आणि बाबूला देश सोडावा लागतो. बोट नाचवत तो जेरीला वाईट माणूस म्हणतो, ते वाक्य अमेरिकेत तोंडपाठ झालं. लोक त्याच्या उच्चारांना हसले. माझ्या मते तो त्या मालिकेतला सगळ्यात गंभीर आरोप आहे. जेरीनं वाईट काहीच केलं नव्हतं. त्यानं भलं केलं, स्वतःला चांगला माणूस समजण्याच्या नादात केलं, आणि किंमत बाबूनं मोजली. परदेशात व्हिसाच्या कागदावर ज्यांची रात्रीची झोप अवलंबून असते, अशी किती तरी मराठी घरं आहेत. त्यांना बाबू उच्चारांपलीकडे कळतो.

१९८९ साली पहिला नमुना भाग चाचणीसाठी निवडक प्रेक्षकांना दाखवला गेला तेव्हा प्रतिसाद वाईट होता. रिक लडविन या अधिकाऱ्यानं आपल्या खात्याच्या बजेटातला बॉब होपचा एक खास कार्यक्रम रद्द करून त्या पैशात आणखी चार भाग करून घेतले, म्हणून मालिका जगली. पुढे १९९३ साली सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचा एमी मिळाला, १८० भाग झाले, १४ मे १९९८चा शेवटचा भाग सात कोटी त्रेसष्ट लाखांनी पाहिला. दहाव्या वर्षासाठी भागामागे पन्नास लाख डॉलर जेरीला देऊ केल्याच्या बातम्या होत्या. त्यानं नाही म्हटलं. १ ऑक्टोबर २०२१ पासून ती नेटफ्लिक्सवर आली आणि आपल्याकडच्या विशीतल्या मुलांनाही सापडली.

तो शेवटचा भाग लॅरी डेव्हिडनंच लिहिला. सातव्या सत्रानंतर तो बाहेर पडला होता, त्यासाठी परत आला. मॅसॅच्युसेट्समधल्या एका गावात चौघं एका लठ्ठ माणसाची लूट होताना पाहतात, मदत करण्याऐवजी थट्टा करतात, आणि मदत न केल्याच्या गुन्ह्याखाली त्यांच्यावर खटला चालतो. नऊ वर्षांत ज्यांना ज्यांना त्यांनी दुखावलं ते सगळे साक्षीला येतात, बाबूही. वर्षभराची शिक्षा होते. प्रेक्षक नाराज झाले, आणि मला ती नाराजी रास्त वाटते. ज्या लेखकानं पार्किंगच्या भांडणाचा निकाल द्यायला नकार दिला होता, त्यानंच शेवटी न्यायाधीश बसवला.

लॅरीच्या मनातून ते गेलं नव्हतं. त्यानं स्वतःच्याच नावाची भूमिका केलेल्या ‘कर्ब युवर एन्थुझिॲझम’ या मालिकेचा शेवट एप्रिल २०२४ मध्ये झाला, तेव्हा त्यानं तोच खटला पुन्हा उभा केला. जॉर्जिया राज्यात मतदानाच्या रांगेतल्या बाईला पाणी दिल्याबद्दल लॅरी आरोपीच्या पिंजऱ्यात, जुने दुखावलेले लोक एकेक करून साक्षीला, शिक्षा तीच. मग जेरी येतो आणि एका ज्युररनं नियम मोडल्याचं उघडकीला आणून त्याला सोडवतो. तुरुंगातून बाहेर पडताना दोघांच्या लक्षात येतं की तेव्हाही असंच संपवायला हवं होतं. त्या भागाचं नावच ‘नो लेसन्स लर्न्ड’. सुटल्यावर लॅरी आणि त्याची मित्रमंडळी विमानात बसतात. त्यांच्यातली सूझी खिडकीची झडप वर करते, उजेड डोळ्यांवर येतो म्हणून लॅरी कुरकुरतो, आणि झडप उघडी असावी की बंद यावर सगळ्यांची जोरदार जुंपते.